गंधारच्या चड्ड्या आणि ॲथलोनची माती

जूनमधल्या एका रविवारी गंधार पटवर्धनने नवी चड्डी घालायचं ठरवलं, आणि त्यापायी बायकोची नोकरी जायची वेळ आली.

तसं त्याचं काही चुकलं नव्हतं. मार्चपासून ऑफिस घरात आलं होतं. कॅमेऱ्यात माणूस छातीपासून वरच दिसतो, त्यामुळे खालच्या भागाकडे गंधारने तीन महिने साफ दुर्लक्ष केलं. जुन्या चड्ड्यांत पाय घालताना आपण ठरलेल्या भोकातूनच पाय घालतोय ना, याची खात्री करून घ्यावी लागायची. पण त्याला घोर नव्हता. आई फेब्रुवारीत पुण्याहून येताना नेहमीच्याच दुकानातून नेहमीच्याच पांढऱ्या सुती चड्ड्या अर्धा डझन घेऊन आली होती. पुढे विमानं बंद पडली, आई आयर्लंडमध्ये, ॲथलोनला अडकली, आणि वेळ जाईना म्हणून तिने जुन्या-नव्या सगळ्याच चड्ड्यांच्या इलॅस्टिकवर लाल दोऱ्याने 'ग' काढून ठेवला. (गंधार तेव्हा अडतीस वर्षांचा होता.)

त्याने प्रेस उघडलं. इथे कपाटाला प्रेस म्हणतात. नव्या चड्ड्या गायब.

यामिनीला विचारायची सोय नव्हती. ती युनिव्हर्सिटीत मातीवर संशोधन करायची. मंगळवारी झूमवर प्रोफेसरबाई आणि चार गावचे शेतकरी तिचं काम बघणार होते, आणि त्यावरच तिचा पुढच्या वर्षीचा करार ठरणार होता. त्या आठवड्यात तिला मीठ कुठे आहे विचारलं तरी ती अंगावर येत होती. चड्ड्या दोरीवरून उडाल्या असतील, असं समजून गंधार मागच्या बागेत गेला.

कोपऱ्यातल्या बटाट्यांच्या वाफ्यात मातीतून काहीतरी पांढरं डोकावत होतं. त्याने ओढलं. चड्डी आली. नवी होती, पण तिला इतकी भोकं होती की पलीकडची भिंत दिसत होती. इलॅस्टिकवर 'ग'.

"टाक ती खाली," मागून आई म्हणाली. "करणी आहे."

"आई, हे ॲथलोन आहे."

"मग? ॲथलोनला वाईट माणसं नसतात? लाल दोरा बघ."

"तो तूच घातलायस."

"तेच म्हणतेय मी. माझ्याच हातचा दोरा वापरलाय मेल्याने."

तेवढ्यात शेजारच्या डर्मटने भिंतीवरून डोकं काढलं. भला माणूस; लॉकडाऊनमध्ये दर आठवड्याला दारात ब्रेड ठेवून जायचा.

"एनी गुड होल्स इन देम येट?" त्याने विचारलं.

"ग्रँड, ग्रँड," गंधार म्हणाला. इथे 'छान चाललंय'ला ग्रँड म्हणतात; भीती वाटली की तो हेच म्हणायचा.

"हेजखाली बघ, तिथं याहून भारी असेल," असं त्याच्या इंग्रजीत सांगून डर्मट अंगठा दाखवून गेला.

"ऐकलंस? कबूल करून गेला," आई म्हणाली. "नि आपण त्याचा ब्रेड खातोय."

गंधारचा करणीवर विश्वास नव्हता. पण विश्वास नसलेल्या माणसाची अर्धा डझन चड्ड्या जमिनीत कशा जातात, याचं उत्तरही त्याच्याजवळ नव्हतं. यामिनी वर खोलीत दार लावून बसली होती, तोवर मायलेकांनी वाफा, हिरवळ आणि कुंपणाची हेज उकरून काढली. आईने सगळा माल मीठ आणि डेटॉल टाकून मशीनमध्ये घातला. एवढ्यासाठी मशीन कशाला, म्हणून सोबत गंधारच्या जुन्या चड्ड्याही घातल्या.

सोमवारी सकाळी यामिनी खुरपं घेऊन बागेत गेली आणि दोन मिनिटांत परत आली.

"माझ्या चड्ड्या कोणी उपटल्या?"

"तुझ्या?" गंधार आणि आई एकदमच म्हणाले.

मग उलगडा झाला. मातीतले जीवजंतू सुती कापड खातात. जमीन जितकी जिवंत, तितकी चड्डी कमी उरते. एप्रिलमध्ये घरापासून दोन किलोमीटरच्या पुढे जायला बंदी होती, शेतं लांब राहिली, म्हणून तिने बागेतच तीन जागी प्रयोग लावला होता. हेजखालची जागा डर्मटने सुचवली होती.

"आणि तुला विचारलं होतं मी. तू म्हणालास, घे ना, त्यात विचारायचं काय."

गंधारला काही आठवेना. एप्रिलभर त्याच्या कानात हेडफोन होते. हे आपण बायकोला म्हणालो की मॅनेजरला, तेही त्याला सांगता येईना.

"माझं वर्ष गेलं," यामिनी म्हणाली आणि खुर्चीत बसून राहिली. तिचा आवाज चढला असता तर गंधारला बरं वाटलं असतं.

त्याने धावत जाऊन धुतलेला ढीग जेवणाच्या टेबलावर आणून ओतला. सगळ्या पांढऱ्या, सगळ्या फाटक्या, सगळ्यांवर 'ग'. यामिनीने एकेक उजेडात धरून पाहिली.

"मी सहा पुरल्या होत्या. यातल्या तू घालतोस त्या कुठल्या?"

आई समोर होती. बायको समोर होती. गंधारने त्यातल्या त्यात अब्रूदार दोन बाजूला काढल्या. "या माझ्या. बाकीच्या जमिनीतल्या."

बाकीच्या बरोबर सहा भरल्या. यामिनीने त्यातली सगळ्यात जाळीदार चड्डी वेगळी ठेवली आणि म्हणाली, "ही हेजखालची. दुसरी कुठली असणार?" गंधारने तिच्याकडे पाहिलं. ओळखीची वाटली. पण आता बोलायची वेळ टळली होती.

मंगळवारी यामिनीने आधी घरच्यांनी घातलेला गोंधळ खरा खरा सांगितला, मग ती चड्डी कॅमेऱ्यापुढे ताणून धरली आणि फूटपट्टी लावून भोकं मोजून दाखवली. प्रोफेसर नुआला चष्मा वर करून बघतच राहिल्या. इतकी जिवंत माती त्यांनी उभ्या आयुष्यात पाहिली नव्हती. पुढचं सगळं वर्ष हेजखालच्या मातीवरच काम करू, त्या म्हणाल्या.

गंधार लॅपटॉपच्या मागे उभा होता. गप्प बसलं तर करार नक्की होता. पण बायको वर्षभर जी माती तपासणार, तिने ही भोकं पाडलीच नव्हती.

"यामिनी, ती माझी आहे."

"सगळ्या तुझ्याच आहेत."

"तसं नाही. ती मी घालतो."

यामिनीने एकदा त्याच्याकडे आणि एकदा चड्डीकडे पाहिलं. मग झूमकडे वळून तिने ते इंग्रजीत सांगितलं. स्लायगोचा एक शेतकरी अनम्यूट होऊन म्हणाला, "फेअर प्ले टु युवर मॅन." म्हणजे, शाबास गड्याची.

"मग हेजखालची कुठे गेली?" यामिनीने विचारलं.

"हेजखालची ना?" आई म्हणाली. "ती उरलीच नव्हती. नुसतं इलॅस्टिक आलं हाताला. चांगलं होतं, टाकवेना." आणि आत जाऊन ती लोणच्याची बरणी घेऊन आली. तोंडाला बांधलेल्या दादऱ्यावर लाल 'ग'चं इलॅस्टिक घट्ट बसलं होतं.

बरणी कॅमेऱ्यापुढे धरली तेव्हा प्रोफेसरबाईंनी टाळ्या वाजवल्या. हेजचा पहिला नंबर कायम राहिला. बटाट्यांचा वाफा गंधारच्या मागे, तिसरा आला.

पुढच्या आठवड्यात युनिव्हर्सिटीचं पार्सल आलं. वर यामिनीचा करार होता. तो वाचून ती जी रडली, ते पाहून गंधारच्याही डोळ्यांत पाणी आलं. खाली नव्या कोऱ्या चड्ड्यांचं पाकीट होतं, आणि त्यावर प्रोफेसरबाईंनी स्वतः लिहिलं होतं, हे गंधारसाठी आहे, मातीत घालू नये.

साइज अगदी बरोबर निघाला. चार गावच्या शेतकऱ्यांसमोर फूटपट्टी लावल्यावर तो चुकणार कसा?