प्रल्हादभाऊंची डीएलएल

शेजारी शेजाऱ्याकडे काय मागतो? विरजण, शिडी, फार तर पाहुणे आले म्हणून दोन खुर्च्या. दारव्ह्यात आमच्या समोर राहणारे प्रल्हादभाऊ फाइल मागायला यायचे. कागदाची नव्हे, कॉम्प्युटरमधली. फाटकाची कडी वाजायची आणि पाठोपाठ आवाज यायचा, "बाई, हायेत का घरी? तुमच्या कम्प्युटरातली एक डीएलएल पाह्यजे होती. लहानशीच हाये."

मी जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकवते. डीएलएल हा शब्द मी पहिल्यांदा प्रल्हादभाऊंच्या तोंडून ऐकला आणि दुसऱ्या कुणाच्या तोंडून अजून ऐकलेला नाही. हे काय असतं, असं विचारण्याची चूक मी एकदा केली. चहा गार झाला, वरणाला फोडणी द्यायची राहिली, पण मला ते समजलं.

"असं पाहा बाई, लग्न हाये. नवरदेव साऱ्याइले दिसते. पन मांडवात सतरंज्या आंथरनारा? त्याले कोनी पाह्यते का? मंग थो आला नाही, का सारं वऱ्हाड उभंच. डीएलएल म्हनजे थोच मानूस. गोष्ट बारकी हाये, पन अडते तठीच."

'गोष्ट बारकी हाये, पन अडते तठीच' हे त्यांचं पालुपद. नळाला पाणी नसो, गॅस संपो, सरकार पडो, ते हेच म्हणायचे. भूमी अभिलेख कार्यालयात त्यांची नोकरी झाली. सगळी हयात लोकांच्या हद्दी कागदावर चढवण्यात गेली. निवृत्त झाले, बायको वारली, मुलगी लग्न होऊन पांढरकवड्याला गेली, आणि घरात उरले ते आणि तो कॉम्प्युटर. तो इतका जुना की सुरू होताना पिठाच्या गिरणीसारखी घरघर करायचा. त्यातली कुठली ना कुठली फाइल नेहमी गहाळ झालेली असायची. मग हे गळ्यात पेन ड्राइव्ह अडकवून गल्लीत निघायचे.

फाइल घेण्याआधी चौकशी अगदी सोयरीक जुळवल्यासारखी. "तुमचा बत्तीस बिटचा का चौसष्टचा?" मी म्हटलं, मला नाही ठाऊक. "बाप्पा! घरात येवढी वस्तू अन् तुम्हाले त्याचं कूळच मालूम नाही?" पुढे माझाही कॉम्प्युटर बत्तीसचाच निघाला, तेव्हा ते इतके खूश झाले की मला आता पेढे वाटावे लागतात की काय, अशी धास्ती वाटली.

फॉरमॅट हा शब्द त्यांच्यासमोर काढायची सोय नव्हती. बाजारातल्या दुरुस्तीवाल्याने एकदा काढला. "काका, सगळं पुसून नवीन टाकतो, अर्ध्या तासाचं काम." प्रल्हादभाऊंनी कॉम्प्युटरचा डबा कडेवर उचलला आणि भर बाजारातून घरी आणला. वाटेत भेटेल त्याला विचारत होते, "डोकं दुखते म्हनून डोकंच कापाचं का?" लोक हसले. मीही हसले, खोटं कशाला बोलू?

त्या फाइलींना त्यांनी नावंही ठेवली होती. एक हमाल, तो चित्रं आणि गाणी वाहून नेतो. एक दुभाषा. सगळ्यात लाडका कोतवाल. "हा घरभर हाका मारत फिरते, कोन कोन जागं हाये म्हनून. टीव्ही असो का मोबाइल, ज्यानं ओ देल्ली त्याचं चित्र इथी दिसते." या मंडळींच्या जोरावर प्रल्हादभाऊ आपल्या कॉम्प्युटरमधली भजनं, आमच्याकडच्या दंडारीच्या, म्हणजे लोकनाट्याच्या खेळांचे व्हिडिओ, घरातल्या जुन्या लग्नांच्या कॅसेटी असं सगळं वाय-फायवर मोकळं करून ठेवायचे. कुठल्याही टीव्हीवर तारेशिवाय बघता येतं, असं मला कौतुकाने सांगायचे. त्यांचा स्वतःचा टीव्ही मात्र कधीचाच बंद पडून चादरीखाली गेला होता. हा सारा मांडव मग कुणासाठी, हे मी विचारलं नाही. त्या घरासंबंधी काही विचारायचं नाही, अशी आमच्या गल्लीची रीतच होती.

त्याचं कारण पलीकडची भिंत. तिच्या पल्याड प्रल्हादभाऊंचे सख्खे मोठे भाऊ राहत, त्यांना सगळे दादाच म्हणत. आई गेल्यावर गच्चीवरच्या पाण्याच्या टाकीवरून दोघांचं जे बिनसलं, ते वाटण्या होऊनच थांबलं. भांडी वाटली, देव वाटले, कडुनिंबाची सावली कुणाच्या अंगणात किती पडते यावरही बोलून झालं. मधे भिंत आली आणि दादांनी आपलं दार मागच्या गल्लीत काढलं. वाय-फायची वाटणी तेवढी राहिली. ते डोळ्यांना दिसत नाही म्हणून कुणाच्या लक्षातच आलं नाही. आम्ही गल्लीवाले दोन्ही घरांत जात-येत होतो, पण इकडचं तिकडे सांगत नव्हतो. एकदा कुणीतरी सांगितलं होतं, त्यावरून पुन्हा रणकंदन माजलं, आणि तेव्हापासून सगळ्यांनी तोंडाला कुलूप घातलं.

यंदा दिवाळीनंतर प्रल्हादभाऊ लेकीकडे जाऊन आले आणि आल्या आल्या माझ्याकडे धावले. कॉम्प्युटरने आपल्या मनाने काहीतरी बदल करून घेतले होते आणि अमुक डीएलएल सापडत नाही, असा निरोप पडद्यावर येत होता. नेमका कोतवालच गहाळ. मी माझ्यातली फाइल दिली. संध्याकाळी ते पडलेल्या चेहऱ्याने परत आले. "निरोप येनं बंद झाला बाई, पन काम होऊन नाही राह्यलं. तुमची फाइल मेळ नाही खात."

मग ते गल्लीतल्या प्रत्येक घरी गेले. दाढी वाढली, पालुपद बंद झालं. एक दिवस काळीपिवळी जीपमध्ये कोंबून घेऊन यवतमाळला गेले, चार दुकानं पालथी घातली आणि तीच फाइल वेगळ्या पेन ड्राइव्हमध्ये घेऊन आले. आल्यावर चप्पल न काढताच माझ्या पायरीवर बसले. मला त्यांचा राग आला. या वयात एका फाइलपायी उपाशीतापाशी हिंडायचं म्हणजे काय?

"प्रल्हादभाऊ, एवढं अडलंय तरी काय? कोण बघतं तुमची ती दंडार?"

त्यांनी गळ्यातला पेन ड्राइव्ह काढून पायरीवर ठेवला. मग म्हणाले, "दादा."

दादांना अर्धांगवायू झाल्यापासून त्यांचं खोकणंसुद्धा भिंतीपलीकडून ऐकू येईनासं झालं होतं. वैनी त्यांना रोज संध्याकाळी उशीला टेकवून बसवायच्या आणि टीव्ही लावायच्या. तो टीव्ही वाटणीच्या आधी प्रल्हादभाऊंनीच आणून जोडून दिलेला. तो लागला की इकडे कॉम्प्युटरवर त्याचं लहानसं चित्र उमटायचं; दादांना त्यांनी ते तेव्हाच दाखवलं होतं. "चित्र आलं का म्या समजतो, दादा उठून बसला. मंगच जेवतो मी. आता कितीक दिवस झाले, चित्रच नाही. फाइल कोनतीबी टाका, दिसतच नाही."

दादांना यवतमाळच्या दवाखान्यात नेलं होतं, हे हा माणूस सोडून अख्ख्या दारव्ह्याला माहीत होतं. ते लेकीकडे असताना मागच्या गल्लीत ॲम्ब्युलन्स आली होती. आणि आम्ही सगळे शहाणे रीत पाळून गप्प बसलो होतो. ज्या दवाखान्यावरून हे जीपमधून गेले आणि आले, तिथेच त्यांचा भाऊ पडून होता.

"फाइल बरोबर आहे, प्रल्हादभाऊ," मी म्हटलं. "दादा घरी नाहीत." आणि सगळं सांगितलं.

दुसऱ्या दिवशी रविवार होता. त्यांना एकटं सोडवेना म्हणून मीही जीपमध्ये बसले. दवाखान्याच्या वऱ्हांड्यात वैनी एकट्याच बाकावर बसल्या होत्या. दिराला बघून त्यांनी पदर सारखा केला.

"आले का?" त्या म्हणाल्या. "डॉक्टर हायेत आत. शुद्ध नाही यायले."

प्रल्हादभाऊ बाकाच्या दुसऱ्या टोकाला बसले. वैनी समोर बघत बोलत राहिल्या. "दसऱ्यापासून टीव्ही पाह्यनंच सोडलं होतं यायनं. डोये मिटून पडून राह्यत. पन संध्याकाळ झाली का त्या वाकड्या तोंडानं म्हनत, टीव्ही लाव. मी म्हनो, तुम्ही त पाहून नाही राह्यले, कायले लावाचा? त म्हने, लाव, नाही त तिकडं प्रल्हाद घाबरते."

प्रल्हादभाऊंनी दोन्ही हातांनी तोंड झाकलं. येणारेजाणारे वळून बघू लागले इतक्या मोठ्याने ते रडले. "एवढंसं अंतर होतं, वैनी. मी दारावर काहून नाही आलो?"

"आम्ही तरी कुठी आलो," वैनी म्हणाल्या.

तेवढ्यात दार उघडून नर्स बाहेर आली. तिचा चेहरा बघून मला कळलं, की दादा गेले. तिने हलक्या आवाजात विचारलं, "पेशंटच्या घरचं कोण आहे?"

वैनींच्या आधी प्रल्हादभाऊ उठले. डोळेसुद्धा न पुसता म्हणाले, "मी हाये. भाऊ हाये मी त्याचा." आणि आत गेले.