रुंजाजी अस्वलाचा पंख

एका जंगलात, बरं का मुलांनो, एक दवाखाना होता. दवाखाना मोठा झोकात चालला होता. तिथे दुखण्याला नाव नसे, आकडा असे. खोकल्याला एक आकडा, खरजेला दुसरा. ऊस खाताना दात पडला तर एक आणि आपोआप पडला तर निराळा. प्राणी एकमेकांना भेटले की "बरं आहे ना?" असं विचारत नसत. "सध्या कितवा?" असं विचारत.

आकडा नाही तर उपचार नाही, असा तिथला नियम होता. तो कोणी केला हे कोणालाच आठवत नव्हतं, म्हणून सगळे तो निमूटपणे पाळत.

त्या जंगलात रुंजाजी नावाचं एक अस्वल होतं. एकदा मध काढताना रुंजाजी उंबरावरून पडला आणि त्याचा उजवा हात मोडला. कोपर आणि मनगट यांच्या मधलं हाड. डॉक्टर बगळ्यांनी बांबूच्या कामट्या बांधल्या. यथावकाश हाड जुळलं. डॉक्टरांनी त्यावर चोच मारून पाहिली आणि म्हणाले, "ठणठणीत! जा घरी." रुंजाजीचा आकडा खोडला गेला.

रुंजाजी थेट उंबरावर चढला. डाव्या हाताने खोड धरलं, उजवा हात पोळ्यात घातला. हात आत गेला खरा, पण तळवा वर वळेना. हाताची वाटी होईना. सगळा मध गळून मुंग्यांच्या घरी गेला. खाली त्याची बायको धुरपदा तोंड वर करून बसली होती. तिच्या नाकावर एक थेंब पडला, तेवढाच.

अस्वलाला मध नाही म्हणजे काय, हे तुम्हाला कळायचं नाही. तुमच्या घरात मोबाईल नाही असं समजा. रुंजाजी अगदी रडकुंडीला आला.

दवाखान्यात गजराबाई नावाची हत्तीण होती. आखडलेले हातपाय सोंडेत धरून ती हळूहळू मोकळे करी. रुंजाजीचा हात पाहून ती म्हणाली, "वळंल की. रोज व्यायाम केला तर नक्की वळंल. आकडा आण."

आकडे देण्याचं काम सायाळमास्तरांकडे होतं. त्यांच्यासमोर त्यांच्याहून जाड एक पुस्तक असे.

"मास्तर, हात वळंना."

"मोडलाय?"

"मोडला व्हता. जुळला."

"मग बरा आहेस."

"बराच हाय. पर वळंना."

मास्तरांचे काटे ताठ झाले. असे पेशंट त्यांना खपत नसत. जनावराने एक तर आजारी असावं, नाहीतर बरं असावं. हे मधेच लोंबकळणं काय कामाचं?

पण मास्तर मनाने वाईट नव्हते. त्यांनी पानं उलटली. "जुन्या मोडीची, म्हणजे मोडून जुळलेल्या हाडाची, सोय आहे. मोडीच्या आकड्याला शेपूट लावायचं. शेपूट म्हणजे मोड गेली, तिची खोड राहिली."

"मंग लावा की शेपूट!" रुंजाजी खूश झाला.

"शेपटीचा आकडा एकटा चालत नाही. आज काय होतंय, त्याचा आकडा आधी लागतो. कोपर आखडलंय?"

"न्हाई."

"मनगट?"

"न्हाई. ह्ये मधलंच वळंना."

"मधे सांधा नसतो. सांधाच नाही, तर आखडणार काय?"

घोडं तिथेच अडलं. रुंजाजीने बराच वेळ डोकं खाजवलं आणि मग हळूच विचारलं, "पुन्यांदा पडू का?"

"पडलास तर काम फार सोपं होईल," मास्तर म्हणाले. ते थट्टा करत नव्हते.

"काय बी बोलू नगा!" सोबत आलेली धुरपदा कडाडली. "मास्तर, 'वळत न्हाई' असं एवढ्या जाड पुस्तकात कुठंच नसंल व्हय?"

मास्तर पुन्हा शोधू लागले. जनावरांचा भाग संपला, पक्ष्यांचा सुरू झाला आणि मास्तर टाळी वाजवून ओरडले, "सापडलं! पंख न वळणे. जुन्या मोडीमुळे!"

"पर ह्यास्नी पंख न्हाई."

"आता आहे," मास्तर म्हणाले आणि त्यांनी आकडा लिहून टाकला. "आणि एक ध्यानात ठेवा. नावावर आकडा असेपर्यंत मधाचं पथ्य."

गजराबाईने आकडा पाहिला, मग रुंजाजीला पाहिलं. दुसऱ्या दिवसापासून रुंजाजी मैदानात उभा राहून पंख हलवू लागला. हात पसरायचे, वर न्यायचे, तळवे आकाशाकडे वळवायचे, पुन्हा खाली. माकडं हसून हसून फांदीवरून पडली आणि त्यांना मात्र पटापट आकडे मिळाले.

रुंजाजी चिकाटीचा. हसणाऱ्यांना हसू दिलं आणि पंख हलवत राहिला. एके सकाळी आळस देताना त्याचा तळवा आपसूक वर वळला. धुरपदेने त्या तळव्यात आपलं नाक टेकवलं. रुंजाजीला इतका आनंद झाला की त्याला रडूच आलं.

दोघं धावत मास्तरांकडे गेले. "मास्तर, बरा झालो! आकडा खोडा!"

"पंख बरा झाला?" मास्तर म्हणाले. "मग उडून दाखव."

"अहो, मी अस्वल हाय!"

"ते मला दिसतंय. पण बरा झालेला पंख उडतो. उडत नसेल तर पंख बरा नाही. पंख बरा नसेल तर मध नाही."

रुंजाजीने धुरपदेकडे पाहिलं, उंबरावरच्या पोळ्याकडे पाहिलं आणि तो चढू लागला. पोळ्याच्या फांदीवर जाऊन त्याने हात पसरले. धुरपदेने डोळे मिटून घेतले. मास्तरांनी लेखणी सरसावली.

फांदी कडकडली आणि रुंजाजीचे पाय तिच्यावरून सुटले. त्याच क्षणी मास्तरांनी लिहिलं, "उडाला. बरा झाला." आकडा खोडला.

मग धपकन आवाज आला. फांदी, पोळं आणि अस्वल, तिन्ही खाली. रुंजाजीचा डावा हात मधेच वाकडा झाला होता. शेजारी पोळं फुटून मध वाहत होता.

"अरे, ताजी मोड!" मास्तर आनंदाने ओरडले. "बिनशेपटीची! हिचा आकडा तर मला तोंडपाठ आहे!" आणि ते लेखणी घेऊन धावत सुटले.

धुरपदा वाटेत आडवी उभी राहिली. "मास्तर, जरा दमानं लिवा. ह्ये सध्या बरं हायती. आकडा न्हाई तवर ह्यास्नी खाऊ द्या."

मास्तर थबकले. नियमाप्रमाणे तिचं म्हणणं बरोबर होतं. आणि रुंजाजी एका हाताने विव्हळत, दुसऱ्या हाताचा तळवा छान वर करून, भराभर मध चाटत होता.

तात्पर्य : तुम्हाला वाटलं असेल, झाडावर जपून चढावं. छे! मुलांनो, हाड खुशाल मोडून घ्या. ते जुळू मात्र देऊ नका.