आवाजाची हद्द

भर दुपारी सरकटेबाई छत्री घेऊन निघाल्या की आमच्या गल्लीतली माणसं खोकला गिळतात. कोणी चुकून खोकललंच तर बाई थांबतात, डोळे मिटतात, मागं मागं चालत जातात आणि खोकला ऐकू येईनासा झाला की तिथं खडूनं फुली मारतात. संध्याकाळी ती फुली त्यांच्या नकाशावर चढते.

बाईंची सारी नोकरी मोजणीच्या ऑफिसात शेतांच्या हद्दी गिरवण्यात गेली. रिटायर होऊन त्या डोणगावात आमच्या शेजारी राहायला आल्या आणि आवाजांच्या हद्दी काढू लागल्या. "जमिनीले हद्द हाय, मंग आवाजाले काऊन नसंन?" हे त्यांचं ठरलेलं वाक्य. भिंतभर कागदावर त्यांनी सारं गाव मांडलं होतं. चक्की निळी, बुद्धविहारातली सकाळची वंदना हिरवी, माणसं तांबडी. ज्याची हाक जिथवर पोचते, तिथवर त्याच्या घराभोवती तांबडं वेटोळं. आमच्या कुत्र्यालाही वेटोळं होतं. माझ्यापेक्षा मोठं.

पण लोक भीत होते ते बाईंच्या खोडरबराला. दर महिन्याला त्या नव्यानं मोजायच्या. गोदाआजीचं वेटोळं पारापासून ओट्यावर आलं, मग उंबऱ्यापर्यंत. आजी तर धडधाकट हिंडत होती. वेटोळं उंबऱ्यावर आलं त्याच आठवड्यात ती गेली. तेव्हापासून बाई रबर फिरवतात आणि माणूस पुसलं जातं, असं गाव म्हणू लागलं. त्या दिसल्या की लोक खुणांनी बोलत. भाजीवाली तर त्यांना बोटांनी भाव सांगायची.

एका दुपारी त्या माझ्या दारात उभ्या राहिल्या.

"दिलीपभाऊ, बाबाचं वेटोळं सरकून राह्यलं. मांगच्या महिन्यात चक्कीच्या पल्याड होतं. आता शिंप्याच्या दुकानापाशीच थांबते."

"बाई, माझ्या बाबाले काही झालं नाही," मी तोडून बोललो. "रबर घरी ठेवून येत जा."

"माझं नका ऐकू. त्यायचं ऐका."

रविवारी दीड वाजता बाबा मला ओट्यावरून जेवायला हाक मारतात. त्या रविवारी मी मुद्दाम शिंप्याच्या दुकानापाशी जाऊन उभा राहिलो. हाक आली. मी एक पाऊल मागं सरलो. रस्ता ओस होता, झाडाचं पान हलत नव्हतं. लांब ओट्यावर बाबांचं तोंड उघडत होतं, मिटत होतं, हात हलत होता, आणि आवाज नव्हता. खाली पाहिलं, तर मी खडूच्या फुलीवर उभा होतो.

दुसऱ्याच दिवशी त्यांना मेहकरला नेलं, तिथून अकोल्याला. घशात गाठ निघाली. "इतक्या लवकर कळलं कसं तुम्हाला?" डॉक्टरांनी विचारलं. ऑपरेशन झालं. बाबा वाचले, आवाज गेला.

ते घरी आले त्या दिवशी बाई कागद घेऊन हजर. आईनं पदर तोंडाला लावला. बाबांनी मात्र बाईंकडं पाहून जोरात टाळी वाजवली. मला हाक मारायची त्यांची आता तीच रीत. ते वाजवत राहिले आणि बाई मागं मागं चालत गेल्या, चक्की ओलांडून पार मारोतीच्या पारापर्यंत. धापा टाकत परतल्या.

"बाबा, हाकेपेक्षा दूर गेली टाळी!"

बाबा हसले. त्यांचं हसणं आता ऐकू येत नाही, पण खांदे हलतात.

त्या संध्याकाळी मी पहिल्यांदाच बाईंच्या घरी गेलो. भिंतीवर वेटोळ्यात वेटोळी अडकली होती. फक्त एका घराभोवती कागद कोरा होता.

"बाई, तुमचं काढायचं राह्यलं?"

"मोजायले कोणी दूर उभं पाह्यजे ना," त्या म्हणाल्या. "आन हाक मारू कोणाले?"

मी चपला घातल्या आणि चक्कीपर्यंत चालत गेलो. "मारा, बाई!" तिथून ओरडलो.

बारीक, चिरका, बिनसवयीचा आवाज आला, "दिलीऽऽपभाऊ!"

आणखी मागं सरून मोजायला हवं होतं. पण हाकेला आधी ओ द्यावी लागते.

"ओऽऽ!"

मोजणी तर तिथंच राहिली. तरी बाईंनी पुन्हा हाक मारली.