तांदळातलं नाव

"नाव म्हणजे माणसाचं प्रारब्ध. एकदा चिकटलं की जन्मभर सुटत नाही," मुलुंडच्या आपल्या फ्लॅटमध्ये मधुकर करंदीकरांनी जाहीर केलं.

"इथे डायपरची पट्टी चिकटत नाहीये," नीलाताई म्हणाल्या. "आधी ती धरा."

मधुकररावांनी पट्टी धरली. नातीचं बारसं रविवारवर आलं होतं आणि नाव ठरत नव्हतं. नाव ठेवण्याचा मान आत्याचा. पण आत्या, म्हणजे मुलगी इरावती, पडली दहिसरला. तेव्हा तिचा मान मधुकररावांनी परस्पर ताब्यात घेतला होता. विमा कंपनीतून निवृत्त झाल्यापासून ते एखाद्या मोठ्या विषयाच्या शोधात होते. तो आयता पाळण्यात येऊन पडला.

त्यांनी जग पालथं घातलं. बाली बेटावर पहिल्या मुलाला बहुधा वायान म्हणतात. घानातले आकान लोक जन्मवारावरून नाव ठेवतात. आइसलंडमध्ये बापाच्या नावापुढे 'मुलगी' जोडलं की झालं आडनाव.

"म्हणजे आपली निहारमुलगी," त्यांचा मुलगा निहार म्हणाला. "शाळेत वाट लागेल तिची."

मग मधुकररावांनी अर्थ पारखून देशी नावं काढली. 'चेतना'ला सून श्रुतिकाने तिथल्या तिथे नकार दिला. "बाबा, माझ्या बॉसचं नाव आहे ते. अंगाई म्हणताना मला डेडलाइन आठवेल." 'दिशा' ही तिसऱ्या मजल्यावरची कुत्री. खिडकीतून हाक मारली तर दोघी येतील, असं निहारचं म्हणणं पडलं. 'निधी' जवळजवळ पास झाली होती, तेवढ्यात इरावतीचा फोन आला.

"निधी नको हं. शाळेत माझा डबा खायची ती."

"अगं, अर्थ बघ ना."

"अर्थ चांगलाच आहे, बाबा. मुलगी वाईट होती."

शनिवारपर्यंत सगळी नावं कुणाच्या ना कुणाच्या ओळखीची निघाली. बॅनरवाला तर नुसता पाळणा छापून देऊ का, असं विचारू लागला. शेवटी मधुकररावांनी ग्रीस बाहेर काढला.

"तिकडे नातवंडाला आजी-आजोबांचं नाव देतात. ठरलं. हिचं नाव नीला."

घराने सुटकेचा निःश्वास सोडला. इरावतीही तोवर येऊन पोचली होती. तिनेही मान डोलावली.

"ठेवा की," कोथिंबीर निवडत नीलाताई म्हणाल्या. "पण ते माझं नाव नाही."

"म्हणजे?"

"तुमचं आहे. लग्नात ताटात तांदूळ पसरून अंगठीने तुम्ही लिहिलंत. त्या सकाळपर्यंत माझं माझं होतं."

"मग तुझं काय होतं, आई?" इरावतीने विचारलं.

"यांना विचार. यांना जगातली सगळी नावं येतात."

सगळ्यांनी मधुकररावांकडे पाहिलं. मधुकररावांनी पंख्याकडे पाहिलं.

"सुलक्षणा," ते अंदाजाने म्हणाले.

"ती माझी मावसबहीण. आधी तिला बघायला गेला होतात. तिने नाही म्हटलं."

ही बातमी घरात नवीन होती. निहारने खोकून हसू लपवलं. नीलाताईंनी जुडी खाली ठेवली.

"द्रौपदी. सासूबाईंना नाव ऐकूनच धसका बसला. पाच पाच जणांचं घर दिसतंय म्हणाल्या, बदला. बदललं. मला एकच मिळाला, आणि त्याच्या गोळ्यांच्या वेळा सांभाळण्यातच हयात चाललीये."

श्रुतिका हळूच म्हणाली, "माझ्या ऑफिसात या नावाचं कुणी नाही."

"बिल्डिंगमध्ये कुत्रीही नाही," निहार म्हणाला.

"माझा डबाही कुणी खाल्ला नाही," इरावती म्हणाली. मग ती वडिलांकडे वळली. "बाबा, नाव मी ठेवणार. मान माझा आहे."

रविवारी घर पाहुण्यांनी भरलं. इरावतीने ताटात तांदूळ पसरले, अंगठीने नाव लिहिलं, पाळण्यात वाकून बाळाच्या कानात कुर्र केलं आणि मग सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाली, "द्रौपदी."

बाळ झोपलेलं होतं. स्वयंपाकघरातून नीलाताई म्हणाल्या, "ओ."

त्या हात पुसत बाहेर आल्या आणि ताटाशी उभ्या राहिल्या. अक्षरं वाचायला लागतो त्यापेक्षा बराच जास्त वेळ त्या वाचत होत्या. मधुकररावांनी चष्मा काढून पुसला, आणि चष्मा पुसला की त्यांना भाषण सुचत असे.

"मंडळी, या नावामागे," त्यांनी सुरुवात केली, "एक फार मोठी..."

"अहो," नीलाताई म्हणाल्या, "ते ताट जरा इकडे द्या. माणसं वाढलीत, मसालेभाताला तांदूळ कमी पडतोय."