दोन सेंटिमीटरचा काळाबाजार

तंत्रनिकेतनातून पहिल्या वर्गात उत्तीर्ण झालेला आणि कारखान्याच्या मोजमाप विभागात चौतीस वर्षे काढलेला माणूस घरात असताना मेहुणा तुरुंगात जातो म्हणजे काय! "काळजी सोडा," मी जाहीर केले. "खटला मी रद्द करून आणतो!"

"अहो, त्यासाठी वकीलबाई आहेत," ही म्हणाली.

"त्यांच्याकडे कायदा आहे. माझ्याकडे शास्त्र आहे!"

हिचा धाकटा भाऊ सवलतीच्या दरातले रॉकेल विकतो. माणूस इतका सरळ, की त्याच्याशेजारी ओळंबासुद्धा वाकडा वाटावा! एके दिवशी निरीक्षकांनी टेप लावून टाकी मोजली, तर नोंदवहीपेक्षा चाळीस लिटर कमी. ते काळ्या बाजारात गेले, असा फौजदारी गुन्हा दाखल झाला. तो रद्द व्हावा म्हणून वरच्या न्यायालयात आमचा अर्ज होता.

मी पद्धतशीर कामाला लागलो. प्रथम गळती! टाकीभोवतीची फरशी उखडली. गळती सापडली नाही. पण कुदळीच्या घावाने पाण्याची नळी फुटली आणि ती मात्र उत्तम गळू लागली. मग बाष्पीभवन! बादलीभर रॉकेल उन्हात ठेवले. शेजाऱ्यांनी अग्निशामक दल बोलावले.

"भाऊजी," मेहुणा चाचरत म्हणाला, "एकदा आपली पट्टी तपासली तर..."

"पट्टी? अरे, ती मी बनवली आहे!"

"हो ना. म्हणूनच... राहू द्या."

टाकीत बुडवून रॉकेलची उंची पाहण्याची ही पितळी पट्टी मी त्याला दुकान उघडताना भेट दिली होती. नोंदवहीतले आकडे तिच्यावरूनच लिहिले जात. तेव्हा दोष उरला एकच: निरीक्षकांची टेप!

सुनावणीत वकीलबाई अर्ध्या वाक्यात असतानाच मी उभा राहिलो. "महोदय, ही टेप खोटी असल्याचे सिद्ध करतो!"

न्यायाधीशांनी चष्म्यावरून पाहिले. "आपण कोण?"

"अर्जदाराच्या बहिणीचा नवरा. शिवाय अभियंता."

"दोन मिनिटं देतो."

मी हजर असलेल्या निरीक्षकांकडून टेप मागून घेऊन टेबलावर ठेवली, शेजारी आमची पितळी पट्टी ठेवली आणि मधे माझ्या खिशातली पोलादी मोजपट्टी ठेवली. टेप आणि मोजपट्टी सख्ख्या बहिणींसारख्या जुळल्या. पितळी पट्टीवरचा पाचाचा आकडा मात्र तीनवर उभा!

"ही पट्टी कुणी बनवली?" न्यायाधीशांनी विचारले.

मेहुणा ताडकन उठला. "साहेब, बाजारातून आणली!"

"खाली बसा!" वकीलबाईंनी त्याचा सदरा ओढला. "सुटताय तुम्ही!"

मी पट्टीचे खालचे टोक वर धरले. "मी बनवली, महोदय. आकडे कोरून झाल्यावर टोक ओबडधोबड दिसले. करवतीने सरळ केले, कानशीने गोल केले, ते तिरपे वाटले म्हणून पुन्हा सरळ केले... त्यात खालचे दोन सेंटिमीटर गेले. त्यामुळे पट्टी रोज चाळीस लिटर जास्त दाखवते. ते रॉकेल टाकीत कधी नव्हतेच."

"पण एवढं कापलंत कशाला?"

"सुबक दिसावी म्हणून."

टंकलेखकाने तोंडावर रुमाल धरला. निरीक्षकांनी खालमानेने आपली टेप गुंडाळली. गुन्हा रद्द झाला.

बाहेर पायऱ्यांवर मी मेहुण्याला गाठले. "तुला ठाऊक होतं?"

"निरीक्षकांनी मोजलं तेव्हाच लक्षात आलं."

"मग बोलला का नाहीस? तुरुंगात गेला असतास, गाढवा!"

"महिनाभर खपून केली होती हो तुम्ही, भाऊजी," तो जमिनीकडे बघत म्हणाला. "कसं बोलणार?"

मला पुढची पायरी दिसेना. त्याने माझा दंड धरला आणि म्हणाला, "आता नवी लागेल. कराल ना?"

घरी पोचताच मी पितळ काढले. ही दारात हात पुढे करून उभी! "करा. पण आधी करवत आणि कानस माझ्या ताब्यात द्या."

मी निमूटपणे दोन्ही दिल्या.

(पॉलिश पेपरबद्दल मात्र ती काही बोललेली नाही!)