बारदान वजा

"सर, तुमचं वजन कमी असल्यामुळे वजन कमी करायचं औषध मंजूर करता येणार नाही."

फोन स्पीकरवर होता. विमा कंपनीतल्या मुलीचा आवाज गोड होता, मराठी शुद्ध होतं, आणि तरी सांगलीतल्या त्या स्वयंपाकघरात बसलेल्या नवरा-बायकोला काडीचंही कळलं नाही. कृष्णातआण्णांनी मंगलकडं बघितलं. मंगलनं आण्णांच्या पोटाकडं बघितलं. ते आपलं टेबलाच्या कडेला टेकून निवांत बसलं होतं.

"बाई, परत एकदा सांगा," आण्णा म्हणाले. "माजं वजन जास्ती हाय, म्हणून तर औषध मागितलंय."

"बरोबर आहे सर. पण तेवढं जास्त नाहीये."

"म्हंजे किती जास्ती झाल्यावर कमी करायचं?"

"सर, तुमच्या उंचीला अठ्ठ्याण्णव किलो आठशे ग्रॅमच्या पुढं हे औषध पॉलिसीत बसतं. तुमच्या पावतीवर अठ्ठ्याण्णव किलो चारशे आहे. चारशे ग्रॅम कमी पडतायत. तुम्ही अपील करा, पंधरा दिवसांनी आमचा माणूस येऊन समोर वजन घेईल. धन्यवाद सर, दिवस चांगला जावो."

दिवस तिथंच बिघडला होता.

"काय म्हणाली वो?" मंगलनं विचारलं.

"वजन वाढवलं तर वजन कमी करायला देतो म्हणाली."

"असं कुटं असतंय व्हय?"

आण्णांनी मान हलवली. पण हो म्हणून हलवली की नाही म्हणून, ते त्यांनाही सांगता आलं नसतं.

आता हे औषध काही हौसेचं नव्हतं. दोन वर्षं झाली, झोपेत आण्णांचा श्वास मधेच थांबायचा. घोरणं एकदम बंद पडायचं, आणि शेजारी मंगल दचकून उठायची, त्यांच्या छातीवर हात ठेवून बसायची. श्वास परत सुरू झाला की आडवी व्हायची, तेवढ्यात पुन्हा तेच. डॉक्टरीणबाईंनी स्पष्ट सांगितलं होतं, वीस किलो उतरवा, नाहीतर एक दिवस हा श्वास थांबेल तो थांबेलच. दोन महिने पथ्य केलं, गुडघे धरून चालून बघितलं, काटा हलला नाही. मग बाईंनी आठवड्याला एक टोचायचं इंजेक्शन लिहून दिलं. त्याची किंमत ऐकून आण्णा दुकानातनं तसेच परत आले. पण पुण्याला नोकरी करणाऱ्या लेकीच्या, उत्कर्षाच्या कंपनीच्या पॉलिसीत आईबाप धरलेले होते. सगळी मदार त्या पॉलिसीवर होती. मंगल तर भीतीनं अर्धी झाली होती, तिला असल्या औषधाची काही गरज उरली नव्हती.

आणि ते चारशे ग्रॅम? ते आण्णांनी स्वतःच्या हातानं कमी केले होते.

कृष्णातआण्णा मार्केट यार्डात हळदीच्या पेठेत तोलाईदार. एकतीस वर्षं लोकांचा माल तोलला, पण कुणा शेतकऱ्यानं किंवा व्यापाऱ्यानं त्यांच्या वजनावर बोट ठेवलेलं नाही. असा माणूस दवाखान्यातल्या काट्यावर उभा राहिला तेव्हा पहिला प्रश्न विचारला, "ह्याच्यावर सरकारी शिक्का कुटाय?" शिक्का नव्हता. "मग ह्ये वजन न्हवंच," म्हणाले, "मी माज्या काट्याची पावती आणून देतो." बाहेर तीस पेशंट ताटकळलेले. बाई म्हणाल्या, आणा.

यार्डातला काटा म्हणाला, शंभर किलो दोनशे ग्रॅम. इथं कुणीही दुसरा माणूस थांबला असता. पण भरलेलं पोतं काट्यावर गेलं की रिकाम्या पोत्याचं वजन त्यातनं वजा करायचं, त्याला यार्डात बारदान म्हणतात, आणि बारदान वजा केल्याशिवाय आण्णांचा हात पावतीवर चालतच नाही. ते मागच्या खोलीत गेले, पँट, शर्ट, पट्टा, टोपी, चपला, किल्ल्यांचा जुडगा आणि मोबाईल पिशवीत भरून बाहेर पाठवलं आणि हमाल धुळाकडनं तोलून घेतलं. भरलं एक किलो आठशे. पावती तयार: भरलेलं वजन १००.२००, बारदान १.८००, निव्वळ ९८.४००. खाली झोकदार सही. उत्कर्षानं मीटिंगच्या गडबडीत फोटो बघितलाही नाही, पाठवून दिला.

"आण्णा, ह्या येळंला बारदान धरू नगासा की," दुसऱ्या दिवशी धुळा म्हणाला. धुळा जत तालुक्यातला, काटकुळा, पण शंभर किलोचं पोतं पाठीवर घेऊन गाणं म्हणत जाणारा.

"बारदानासकट वजन लावू? व्यापारी मेला की रं!"

"हितं कोण व्यापारी हाय?"

"विमा कंपनी. घेणारा त्यो व्यापारी."

"मग खिशात अर्ध्या किलोचं माप टाका, आन् कापडांबरूबर काडूच नगा."

आण्णांनी अर्ध्या किलोचं माप उचललं आणि पेटीत टाकून कुलूप लावलं. वजनात खोट नाही म्हणजे नाही. मग एकच सरळ मार्ग उरला. खायचं.

संध्याकाळी उत्कर्षाचा फोन आला. "पप्पा, काही गोड खाऊ नका हं. म्हणजे खा. म्हणजे एरवी खाऊ नका, पण आता खा. आणि अपीलचा माणूस येऊन गेला की लगेच बंद करा. मम्मीला फोन द्या."

मम्मीची अवस्था तर विचारूच नका. दोन महिने जिनं साखरेचा डबा कपाटात कुलपात ठेवला, तिनंच तो बाहेर काढला. भाकरीवर तुपाची धार सोडताना तिच्या डोळ्यांना धार लागली. "घ्या अजून एक. नगं, ऱ्हाऊ द्या. न्हाई न्हाई, घ्या! आवं, माज्या हातानं इख वाढतीया असं वाटतंय मला."

"रडू नगंस. चारशे ग्रॅम तर हाय."

"रात्री तुमचा दम अडकतो तवा मला इचारा चारशे ग्रॅम म्हंजे किती असतंय!"

आण्णांनी खाली मान घालून तिसरी भाकरी संपवली.

आठ दिवस असं खाल्लं, आणि वजन भरलं अठ्ठ्याण्णव किलो शंभर. वाढायचं सोडून तीनशे ग्रॅम खाली! आण्णांनी काट्याची तार तपासली, पाट पुसला, प्रमाणित मापं लावून बघितली. काटा चोख होता. दोन महिने उपाशी राहिलो तर उतरलं नाही, आणि तूप ओरपतोय तर उतरतंय, हा काय प्रकार आहे?

उलगडा धुळानं केला. "आण्णा, दिसातनं किती येळा तोलताय?"

"सकाळ, दुपार, सांच्याला."

"घरास्नं यार्ड दोन किलोमीटर. तीन येळा येनं, तीन येळा जानं. बारा किलोमीटर झालं की गड्या!"

खरंच होतं. काळजीनं माणूस गुडघ्याचं दुखणं विसरून काट्याकडं पळत होता. मंगलनं त्याच क्षणी फर्मान काढलं, आता एक पाऊल चालायचं नाही. रिक्षात बसताना आण्णांचा गुडघा वाकेना, म्हणून धुळानं पोती वाहायची हातगाडी आणली, तिच्यावर गादी टाकली, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी कृष्णातआण्णा भर पेठेतनं हातगाडीवर पाय लांब सोडून यार्डात निघाले.

आता तुम्हीच सांगा, गेली एकतीस वर्षं चालत येणारा माणूस हातगाडीवरनं निघाला तर लोक काय समजणार?

दुपारपर्यंत पेठेत झालं, आण्णांचा पाय गेला. चारपर्यंत झालं, डावी बाजूच गेली. सहा वाजता घरी माणसांची रांग लागली. कुणी शहाळी, कुणी केळी, कुणी मोसंबी, आडत्यांच्या बायका शिरा घेऊन आल्या. आण्णा सगळ्यांना उठून दाखवत होते. "मला काय बी झालेलं न्हाई. माजं वजन कमी हाय, एवडंच."

लोक त्यांच्या आकाराकडं बघायचे आणि मंगलला बाजूला घेऊन हळूच विचारायचे, "डोक्यावर बी परिणाम झालाय का वो?"

साताऱ्याहून आण्णांची थोरली बहीण भामाबाई पहिल्या एसटीनं आली, ती दारातनंच रडत. हातात दोन किलो कंदी पेढे. "माज्या बाळाला काय झालं गं!" बाळ चोपन्न वर्षांचं होतं, पण तिनं शेजारी बसून एकेक पेढा तोंडात भरवला. आण्णांना नाही म्हणायची सोय नव्हती आणि गरजही नव्हती. मंगल प्रत्येक पेढ्याला कपाळावर हात मारून घेई, आणि लगेच पुढचा बॉक्स उघडून देई.

अपीलच्या दिवशी विमा कंपनीचा माणूस आला. विश्वजित नावाचा तरुण पोरगा, गळ्यात ओळखपत्र, हातात टॅब. त्याला वाटलं होतं, एक माणूस आणि एक काटा असेल. इथं अर्धी पेठ जमली होती, लिलाव थांबला होता, आणि हातगाडीवरनं एक गृहस्थ उतरत होते.

"सोताचं वजन सोता वाचायचं नसतंय," आण्णा काट्यावर चढत म्हणाले. "धुळा, मोठ्यानं वाच."

"एकशे एक किलो दोनशे!" धुळा ओरडला. लोकांनी टाळ्या वाजवल्या.

विश्वजितनं आकडा टॅबवर टाकला. "झालं काका. बसतंय पॉलिसीत."

"थांबा. बारदान ऱ्हायलं." आण्णा शर्टाची बटणं काढायला लागले.

"काका, काका! काय करताय?"

"कापडं वजा करायची की."

"कशाला? आम्ही कपड्यांसकटच धरतो. सगळ्यांचं. पहिल्यापासून."

पेठ पुढं सरकली. हळदीच्या ढिगावर बसलेला माणूससुद्धा खाली उतरला. मंगलनं बोटं मोजली, परत मोजली.

"म्हंजे," ती सावकाश म्हणाली, "पयल्या दिवशीच शंभर दोनशे हुतं?"

"व्हय," आण्णा पुटपुटले.

"तवाच बसत हुतं?"

"बसत हुतं."

"आन् मी पंधरा दिस रडत रडत तूप वाढलं? तुमची भन साताऱ्यास्नं ऊर बडवत आली? लोक मला इचारून गेलं, डोकं फिरलंय का म्हणून! आता मीच सांगते, फिरलंय!"

आण्णांनी तिच्याकडं बघितलं नाही. खिशातनं पावतीपुस्तक काढलं आणि लिहिलं, बारदान १.८००, निव्वळ ९९.४००. "निव्वळ धरलं तरी बसतंय," एवढंच म्हणाले. सुटका झालेल्या माणसासारखा त्यांचा चेहरा दिसत होता. विश्वजित जाता जाता म्हणाला, "तीन महिन्यांनी याच काट्यावर परत येतो, काका. आजच्या वजनातनं पाच टक्के उतरलेलं पाहिजे. नाहीतर मंजुरी बंद."

इंजेक्शन सुरू झालं. आण्णांची भूक मेली, हातगाडी पोत्यांकडं परत गेली, ते पुन्हा चालत यार्डात जायला लागले. श्वास थांबायचं हळूहळू कमी झालं. आणि डिसेंबरात एक नवीनच गोष्ट झाली. मंगल घोरायला लागली. दोन वर्षांची झोप साठलेली होती, ती आता ट्रॅक्टर चढाला लागावा तशी घोरायची. आण्णा जागे राहून ते ऐकत पडायचे. त्यांना फार बरं वाटायचं.

तपासणीच्या आदल्या संध्याकाळी त्यांनी यार्डात कपड्यांसकट वजन केलं. शहाण्णव किलो नऊशे. पाहिजे होतं शहाण्णव एकशे चाळीस. साताठशे ग्रॅमसाठी सगळं औषध बंद! घरी त्यांनी मंगलला काही सांगितलं नाही. ती जेवून शांत झोपली होती.

सकाळी कृष्णेवरनं धुकं आलं होतं. सांगलीत अशी थंडी पाच-सहा वर्षांत पडली नव्हती. विश्वजित स्वेटर, मफलर, कानटोपी घालून काट्याजवळ उभा होता. आण्णा कुठं आहेत म्हणून मंगल आणि धुळा रस्त्याकडं बघत होते. आण्णांनी सगळ्यांच्या आधी घर सोडलं होतं. मागच्या खोलीचं दार उघडलं आणि ते बाहेर आले. अनवाणी, अंगात विरलेला बनियन, कमरेला जुनी पातळ लुंगी. टोपी नाही, पट्टा नाही, किल्ल्या नाहीत.

धुळा खांद्यावरचं घोंगडं काढत धावला. "आण्णा, गारठून मरशीला!"

"लांब हो! दोन किलोचं हाय त्ये!"

"काका, थंडी नाही वाजत?" विश्वजितनं विचारलं.

"न्हाई," आण्णा म्हणाले. दात एवढे वाजत होते, की शब्दाचे तीन तुकडे झाले. "लय उकडतंय."

"पंच्याण्णव तीनशे!" धुळा ओरडला.

विश्वजितनं आकडा टाकला, हसू दाबलं आणि मान हलवली. मंजूर. मंगल पुढं आली, नवऱ्याच्या खांद्यावर स्वतःची शाल टाकली, आणि तिची टोकं त्यांच्या गळ्याशी आवळून धरली. तिला सगळं कळलं होतं: मागच्या वजनात एक किलो आठशेचे कपडे होते, आज नुसती लुंगी-बनियन.

आण्णांनी पावतीपुस्तक मागितलं. तारीख लिहिली, वजन लिहिलं. मग पेन बारदानाच्या रकान्यावर येऊन थांबलं. त्यांनी एकदा लुंगीकडं बघितलं, एकदा मंगलकडं, आणि एकतीस वर्षांत पहिल्यांदा तो रकाना मोकळा सोडून खाली सही ठोकली.