मूट आणि मिस्टर थॉर्नलींचा अंगठा

आमच्या पोर्थवीन या खाडीकाठच्या गावात चॅपलला नवी बाजाची पेटी आली, ते १९२७ साल. त्या वर्षीच्या सप्टेंबरात, एका मंगळवारी सकाळी, हॅनिबल ट्रेगास्किस आपल्या बाकावर ओकचे खिळे तासत होता आणि समोर उपड्या पिंपावर बसलेला एक शहरी पाहुणा त्याला मरणाची बातमी समजावून सांगत होता.

मरण हॅनिबलचं नव्हतं, एका शब्दाचं होतं. पण हॅनिबलला त्यातला फरक पटत नव्हता.

आमच्या खाडीवर नॅन्किव्हेलांचा जहाजांचा कारखाना होता. तिथे फळ्या फासळ्यांना लोखंडानं नव्हे, ओकच्या लाकडी खिळ्यांनी जोडत. खिळा बरोबर जाडीचा झाला की नाही हे बघायला एक लोखंडी कडी असे, तिला म्हणायचं मूट. खिळा तिच्यातून अडकायलाही नको आणि खुळखुळायलाही नको. एके काळी कारखान्यात असे खिळे करणारे नऊजण होते, त्यांना मूटर म्हणत. आता एकटा हॅनिबल उरला होता, वय एकाहत्तर. धाकटे नॅन्किव्हेल मालक झाल्यापासून लोखंडी बोल्ट आले होते. हॅनिबलकडे दुरुस्तीचं किरकोळ काम येई, आणि तेही म्हाताऱ्याला बसायला बाक हवा म्हणून.

पाहुण्याचं नाव मिस्टर बर्ट्रम थॉर्नली. एका मोठ्या शब्दकोशाच्या कचेरीतून ते आले होते. उंच, सडपातळ आणि इतके सभ्य, की कारखान्यातल्या कुत्र्यालाही त्यांनी टोपी काढून नमस्कार केला.

"जुन्या पुस्तकांत या शब्दाचे तीन अर्थ मिळतात," ते वहीत बघत म्हणाले. "मूट म्हणजे ही कडी. मूट म्हणजे त्या कडीनं ठरणारी जाडी. आणि मूट करणं म्हणजे खिळा त्या मापाला आणणं. यातला पहिला अर्थ कोणता?"

"तिन्ही."

"हो, पण आधीचा कोणता?"

"ते माझ्या आजोबांना विचारायला हवं. मूट त्यांची. तुम्हाला यायला साठ वर्षं उशीर झाला, साहेब."

मिस्टर थॉर्नलींनी तेही लिहून घेतलं. मग जरा संकोचून म्हणाले, "खरं सांगायचं, तर मी एवढ्यासाठी आलो नाही. शुक्रवारी हे पान छापायला जातं. ज्या शब्दाचा वापर संपला, त्याच्या डोक्याशी आम्ही कट्यारीची एक लहानशी खूण छापतो. मूटचा शेवटचा छापील दाखला ऐंशी वर्षांपूर्वीचा आहे. तेव्हा..."

हॅनिबलचा रंधा थांबला. "कट्यार? म्हणजे तो मेला?"

"आमच्या भाषेत, अप्रचलित."

"मी आज सकाळपासून बारा वेळा म्हटला की तो! बायकोला म्हटलं, थर्झा, माझी मूट कुठेय? ती म्हणाली, तुझी मूट तुझ्या खिशात."

"पण ते छापील नाही ना."

"मी कुठे छापील आहे? जिवंत आहे ना?"

"आपण जिवंत आहात, त्याबद्दल वादच नाही," मिस्टर थॉर्नली कळवळून म्हणाले. "पण नियम आहे हो. तारीख असलेला छापील दाखला हवा."

"आणि ही कट्यार खुपसणार कोण?"

"खूण मीच करतो."

"म्हणजे माझ्या बाकाशी यायचं, माझ्या बायकोच्या हातचा चहा प्यायचा, आणि मग..." हॅनिबलनं वाक्य सोडून दिलं. तो चॅपलला नेमानं जाणारा माणूस होता, त्याला शिव्या येत नव्हत्या. त्यानं नुसती मूट पाहुण्यापुढे धरली. "निदान मारण्याआधी तोंड तरी बघा."

मिस्टर थॉर्नलींनी मूट हातात घेतली. पाऊण इंची कडी, आत गुळगुळीत, आजोबांपासूनच्या ओकच्या खिळ्यांनी घासलेली. व्याख्येत आतल्या बाजूचं वर्णन नेमकं यायला हवं, म्हणून त्यांनी उजवा अंगठा आत घातला. अंगठा गेला. पेरावरून थोडं नेट लावून पुढेही गेला. मग त्यांनी तो मागे ओढला.

अंगठा आला नाही.

"मिस्टर ट्रेगास्किस," ते दोन मिनिटांनी हळूच म्हणाले, "हे काढतात कसं?"

"कडीतून खिळा काढतात, साहेब. अंगठ्याचं काही पुस्तकात आहे का बघा."

थर्झाकाकू साबण घेऊन आल्या. साबणानं मूट गोल फिरायला लागली, पण पुढे येईना. मग त्यांनी घरची दाट साय आणली. ती मिस्टर थॉर्नलींच्या कोपरापर्यंत ओघळली आणि कारखान्यातला कुत्रा पहिल्यांदाच त्यांच्याकडे आपुलकीनं बघू लागला. शेजारच्या बाईंनी हंसाची चरबी दिली. एवढ्या ओढाताणीनं अंगठा बिटासारखा लाल झाला, आणि सुजला.

तेवढ्यात धाकटे नॅन्किव्हेल करवत घेऊनच आले. "बाजूला व्हा सगळे. लोखंडच आहे ना? दोन मिनिटांत कापतो."

हॅनिबल मधे उभा राहिला. "मूट एकच आहे. अंगठे साहेबांना दोन आहेत."

"काका, अहो ती आता कोणाला लागते? बोल्ट आहेत आपल्याकडे!"

"कापा म्हणतो मी," मिस्टर थॉर्नली म्हणाले. मग त्यांनी हॅनिबलच्या तोंडाकडे पाहिलं आणि ते इतके सभ्य होते, की पुढे म्हणाले, "म्हणजे, आणखी काही उपाय असेल तर आधी तो करू."

कोणी तरी म्हणालं, गार पाण्यात हात धरा, सूज उतरेल. पण ओहोटी लागली होती, पाणी खाडीच्या पार मध्यावर. मिस्टर थॉर्नली बूट घालून चिखलात निघाले. आमच्याकडचं पाच वर्षांचं पोरही तसं करत नाही. वीस पावलांवर ते गुडघ्यापर्यंत रुतले आणि उजवा हात उंच धरून उभे राहिले, भर रस्त्यात गाडी थांबवणाऱ्या पोलिसासारखे.

अर्धं गाव काठावर जमलं. फळ्या टाकल्या, दोर फेकला. "मूट वर धरा, साहेब! मूट चिखलात पडू देऊ नका!" एरवी कोंबड्यांखेरीज कशाबद्दल न बोलणाऱ्या बायासुद्धा मूट, मूट करून ओरडत होत्या. मिस्टर थॉर्नली बाहेर आले, त्यांचा डावा बूट आला नाही. तो अजून तिथेच असेल. त्यांची परतीची चारची गाडीही गेली.

मग कचेरीला तार करायची वेळ आली. पोस्टमास्तरीण मिस केझाया पॅस्को खिडकीशी बसलेल्या. मिस्टर थॉर्नलींना लेखणी धरता येईना, म्हणून मजकूर मिस पॅस्कोंनीच लिहून घेतला.

"लिहा. उजवा अंगठा मूटमध्ये अडकला. पान थांबवा. थॉर्नली."

"मूट कशी लिहू?"

"जशी उच्चारता तशी."

दीड तासानं कोशाच्या संपादकांचं उत्तर आलं. मिस पॅस्कोंनी ते मोठ्यानं वाचून दाखवलं, कारण रांगेतल्या सगळ्यांनाच ते ऐकायचं होतं. "मूट म्हणजे काय हे कळवायला तुम्हाला पाठवलं होतं. पान शुक्रवारीच जाईल."

मिस्टर थॉर्नली खाली बसले. रांगेतल्या एका म्हाताऱ्यानं त्यांना पेपरमिंटची गोळी दिली.

मिस पॅस्कोंना आणखी एक उद्योग होता. जिल्ह्याच्या साप्ताहिकाला त्या पोर्थवीनच्या बातम्या पाठवत. गावात घडायचं ते काय? चॅपलचं चहापान, कोणाच्या परसातला मोठा भोपळा, हरवलेली छत्री. त्या संध्याकाळच्या बसनं मात्र त्यांनी तीन पानं पाठवली.

मिस्टर थॉर्नली ट्रेगास्किसांकडेच राहिले. दुसऱ्या दिवशी सकाळी कोणीही भेटलं की गुड मॉर्निंगच्या आधी विचारी, "काय साहेब, मूट निघाली का?" पाववाल्यानं विचारलं. पाद्रीबाबांनी विचारलं. तीस वर्षं समुद्रावर असलेला एक खलाशी मुद्दाम टेकडी उतरून आला. म्हणाला, "मूट! कित्येक वर्षांत ऐकला नव्हता हा शब्द. माझा बाप मूटर होता हो." आणि बाकाशी बसून तो दोन तास बापाच्या गोष्टी सांगत राहिला. मिस्टर थॉर्नलींना त्यातलं सगळं लिहून घ्यायचं होतं. अंगठा मोकळा नसल्यामुळे ते नुसतं ऐकत बसले, आणि पुढे म्हणत, की आयुष्यात पहिल्यांदाच त्यांनी एखादा शब्द मान वर करून ऐकला.

रात्रीच्या जेवणाला थर्झाकाकूंनी त्यांच्या पेस्टीचे, म्हणजे मांस-बटाट्याच्या मोठ्या करंजीचे, लहान मुलाला द्यावेत तसे तुकडे करून दिले. मग नवऱ्याकडे बघून म्हणाल्या, "हॅनिबल, पुरे झालं हं आता."

"अजून नाही," हॅनिबल म्हणाला आणि त्यानं सलगम वाढून घेतला.

"तो बिचारा डाव्या हातानं दाढी करतो. हनुवटी बघ त्याची."

"बघितली."

मिस्टर थॉर्नलींना वाटलं, सलगमाबद्दल काही तरी चाललंय.

गुरुवारी दहाच्या बसनं साप्ताहिक आलं. मिस पॅस्को पोस्ट बंद करून, हे त्यांनी राणीच्या दफनाखेरीज कधी केलं नव्हतं, धावत कारखान्यात आल्या. तीन पानांची बातमी साप्ताहिकाच्या संपादकानं सात ओळींवर आणली होती, म्हणून त्यांना राग आला होता. पण पहिलंच वाक्य शाबूत होतं. त्यांनी ते वाचलं:

"विद्वान पाहुणे मिस्टर बी. थॉर्नली यांचा उजवा अंगठा मंगळवारी मिस्टर एच. ट्रेगास्किस यांच्या पाऊण इंची मूटमध्ये अडकला, आणि ही मूट खिळे मापण्याच्या रोजच्या वापरातली असल्यामुळे ती कापू देण्यास मिस्टर ट्रेगास्किस यांनी नकार दिला."

हॅनिबलनं रंधा खाली ठेवला.

"साहेब, हे छापील आहे?"

"छापील आहे," मिस्टर थॉर्नली म्हणाले.

"तारीख?"

"आहे. आजची."

"मग हात पुढे करा."

हॅनिबलनं खिशातून जाळी विणायचा बारीक दोरा काढला. त्याचं एक टोक सुईनं मूटच्या खालून सरकवलं, उरलेला दोरा पेरावरून अंगठ्याच्या टोकापर्यंत घट्ट, वेटोळ्याला वेटोळं लावून गुंडाळला आणि खालच्या टोकानं तो उलटा सोडवायला लागला. दोरा एकेक वेढा सुटत गेला, मूट एकेक वेढा वर चढत गेली. चॅपलमधल्या भजनाचं एक कडवं म्हणायला लागतो तेवढा वेळ. टक्. मूट बाकावर पडली.

मिस्टर थॉर्नलींनी अंगठ्याकडे पाहिलं, मग हॅनिबलकडे.

"तुम्हाला हे... आधीपासून येत होतं?"

"शिकाऊ होतो तेव्हा माझाच तीनदा अडकला. या कारखान्यात ज्याचा अडकला नाही असा मूटर झाला नाही."

"मग मंगळवारीच का नाही..."

"मंगळवारी तुम्हीच म्हणालात शब्द मेला. मेलेल्या शब्दात अडकलेला अंगठा मी कसा सोडवणार?"

थर्झाकाकूंनी कपाळाला हात लावला. "खोटं बोलला नाही तो, साहेब. आमच्या चॅपलचं वळण आहे ते. विचारलं नाही ते सांगायचं नाही, हे मात्र त्याचं स्वतःचं."

मग त्या सभ्य माणसाच्या पोटातून एक विचित्र आवाज आला. सगळ्यांना वाटलं, त्यांना घेरी येतेय. ते हसत होते. पिंपावरून खाली घसरले तरी हसत होते.

हसून झाल्यावर मात्र त्यांना टोचणी लागली. कोशकारानं स्वतःच दाखला व्हावं, हे रीतीला धरून आहे का? त्यांनी पोस्टात जाऊन, स्वतःच्या अंगठ्यानं लेखणी धरून, संपादकांना सगळं खरंखरं कळवलं. तारेचा मजकूर इतका लांबला, की मिस पॅस्कोंना दुसरा कागद जोडावा लागला. उत्तर सहाच्या आत आलं: "छापील असेल तर घ्या. कट्यार काढा. अंगठा कसा आहे?"

शुक्रवारी पान गेलं. मूट या शब्दाच्या डोक्याशी काहीही नव्हतं. खाली १९२७चा दाखला होता.

मिस्टर थॉर्नली पुढे प्रत्येक सप्टेंबरात आठ दिवस पोर्थवीनला येत राहिले. निवृत्त झाल्यावर त्यांनी पोस्टामागचं घर घेतलं आणि सत्तराव्या वर्षी चिखलातून चालायला शिकले. मिस पॅस्कोंचं नाव कोशात आलं नाही, फक्त साप्ताहिकाचं आलं. त्याबद्दल त्या प्रत्येक नाताळात मिस्टर थॉर्नलींना सुनावत. दोघांनी लग्न करावं असं गावाला फार वाटे, पण ते आयुष्यभर शेजारी राहिले आणि एकमेकांचं वर्तमानपत्र चोरत राहिले. थर्झाकाकू एक्क्याण्णव वर्षं जगल्या, आणि शेवटपर्यंत पाहुण्याला चहा देण्याआधी विचारत, "आपण काही मारायला आला नाहीत ना?"

धाकट्या नॅन्किव्हेलांना तेवढा धंदा कळत होता. कोशाचा खंड आला त्याच महिन्यात त्यांनी दारावर पाटी लावली: इथे अस्सल लाकडी खिळ्यांचं काम मिळेल, शब्दकोशात पाहा. शिडाच्या होड्या बाळगणारी हौशी मंडळी लांबून लांबून यायला लागली आणि त्यातल्या एकालाही बोल्ट नको होते. हॅनिबलला शब्द जगायला हवा होता, तो जगला. पण तो जगवायला माणूस एकच होता. बाक सोडून खाडीकडे तोंड करून बसायचा बेत वर्षा-वर्षानं पुढे जात राहिला. एकोणऐंशीव्या वर्षीही तो सकाळी सातला येऊन खिळे तासे आणि येणाऱ्या-जाणाऱ्याला ऐकू जाईल असं म्हणे, "त्या भल्या माणसाला कट्यार मारू दिली असती, तर आज उन्हात बसलो असतो!"